स्वतःला विझवणारी खूण

ऐरोलीहून मुलुंडला जाणारी बस खाडीपुलावर चढली की मी खिडकीतून खाली बघते. सहा वर्षं झाली, सकाळी नऊच्या सुमारास रोज हा पूल ओलांडते आहे. कधी पाणी तिवरांच्या फांद्यांपर्यंत चढलेलं असतं. कधी नुसता करडा चिखल उघडा पडलेला असतो आणि त्यातून वाकडीतिकडी वाट काढत एक बारीक ओहोळ चाललेला असतो. घड्याळात वेळ तीच, खाली देश मात्र वेगळा. माझ्या कादंबरीचं जग मला त्या खिडकीतच सुचलं. त्याचं नाव दुवेळ: दिवसातून दोनदा जमीन आणि दोनदा समुद्र होणारा देश.

दुवेळमध्ये जादू चालते ती चिखलातल्या खुणांवर. ओल्या चिखलात बोटाने रेघ ओढायची. रेघ पुरी झाली की खूण जागी होते. विस्तवाची खूण ऊब देते, दाराची खूण भिंतीतून वाट देते, झोपेची खूण माणसाला झोपवते. रेघ शाबूत आहे तोवर खुणेचा अंमल. हे काम करणारे ते रेघकरी. माझी नायिका बारा वर्षांची रेघकरीण आहे.

अशा जगात खुणा बंद करणारीही एक खूण लागणारच. ती मी तिसऱ्या प्रकरणात आणली आणि तिचं नाव ठेवलं विझवण. चिखलात कडं ओढायचं आणि रेघ फिरून आली की तिच्या सुरुवातीवरच आडवी काट मारायची. कड्याच्या आत जितक्या खुणा असतील तितक्यांचा अंमल थांबतो. त्यांच्या रेघा पुसल्या जात नाहीत, नुसत्या निजतात. विझवण खरवडून टाकली की त्या परत जाग्या होतात. तिसऱ्या प्रकरणात झोपेच्या खुणेखाली वर्षानुवर्षं पडलेली एक आजी आहे. नायिका तिच्या अंथरुणाभोवती विझवण काढते, आजी उठून बसते, नातीशी चार वाक्यं बोलते. मग पहारेकरी येऊन पायाने विझवण खरवडतो आणि आजी बोलता बोलता निजते. हे प्रकरण लिहिताना मी रडले होते.

नऊ प्रकरणं झाल्यावर वही नणंदेला वाचायला दिली. ती ठाण्याला नौपाड्यात राहते, कॉलेजात गणित शिकवते. पुढच्या शनिवारी आम्ही तलावपाळीच्या कट्ट्यावर भेटलो. आजीचं प्रकरण तिला फार आवडलं होतं. पण तिने वही उघडली ती वेगळ्याच पानावर, आणि विझवणीच्या वर्णनावर बोट ठेवलं.

"वहिनी, विझवणसुद्धा खूणच ना?"

"हो."

"आणि तिची काट तिच्याच कड्यावर. म्हणजे ती स्वतःच्याही कुंपणात आली. मग ती स्वतःला विझवते की नाही?"

मी म्हटलं, विझवत असेल. ती म्हणाली, स्वतःला विझवलं तर तिचा अंमल संपला. अंमल संपला तर तिने विझवलेलं सगळं जागं व्हायला हवं. म्हणजे ती स्वतःही जागी. आणि जागी झाली की पुन्हा स्वतःला विझवणार.

मासुंदा तलावात होड्या फिरत होत्या, मुलं ओरडत होती, आणि माझ्या पोटात खड्डा पडला होता. साडेतीन वर्षांच्या कामाच्या पायात एक भोक होतं आणि ते मला दिसलंच नव्हतं.

तिने मला धीर देण्यासाठी एक हकीकत सांगितली. फ्रेग नावाचा जर्मन गणिती सगळं अंकगणित तर्काच्या पायावर उभं करायला निघाला होता. १९०२ च्या जूनमध्ये, त्याच्या ग्रंथाचा दुसरा खंड छपाईत असताना, त्याला इंग्रज तत्त्वज्ञ बर्ट्रांड रसेलचं पत्र आलं. जे संच स्वतःमध्ये मोडत नाहीत अशा सगळ्या संचांचा एक संच केला, तर तो स्वतःमध्ये मोडतो का? मोडतो म्हटलं तर मोडत नाही, मोडत नाही म्हटलं तर मोडतो. फ्रेगने ते लपवलं नाही. १९०३ साली खंड बाहेर पडला तेव्हा शेवटी पुरवणी जोडून त्याने ही अडचण स्वतःच मांडली. ही गोष्ट मी मनात फार दिवस बाळगली. आपल्या कामातलं भोक दिसल्यावर माणूस इतका सरळ वागू शकतो, याने मला खरंच बळ आलं.

तरी पहिल्यांदा मी पळवाटच काढली. 'विझवण सोडून बाकी सगळ्या खुणा' अशी दुरुस्ती तिसऱ्या प्रकरणात घातली. पाच शब्दांचं काम. पण त्या पाच शब्दांनी जग मेलं. विझवणीला काहीच विझवू शकत नसेल तर ज्याच्या हातात विझवण तो कायमचा राजा, आणि गोष्ट तिथेच संपते. मग नणंदेने गणितातला दुसरा उपाय सांगितला, पायऱ्यांचा. पहिल्या पायरीच्या खुणा साध्या, दुसऱ्या पायरीची विझवण फक्त पहिल्या पायरीच्या खुणा विझवते, तिसऱ्या पायरीची फक्त दुसरीच्या. स्वतःच्या पायरीवर कोणी हात टाकायचा नाही. तर्काला हे पुरेसं आहे. कथेत मात्र प्रत्येक पानावर पायऱ्यांचा हिशोब द्यावा लागायला लागला आणि माझी बारा वर्षांची मुलगी चिखलातून उठून कचेरीत जाऊन बसली. दोन महिन्यांचं लिखाण मी बाजूला ठेवलं.

त्यानंतरचा काळ मी चित्रांत घालवला. वाटलं, खूण विरोधाभासाची आहे तर तिचं रूपही तसंच असावं. अशक्य आकृत्या शोधत गेले. तीन दांडे एकमेकांना काटकोनात जोडलेले आणि तरी त्रिकोण पुरा होतो, ती आकृती बहुतेकांनी पाहिलेली असते. स्वीडनच्या ऑस्कर रॉयटर्सव्हार्डने १९३४ साली ती घनांची रचना करून काढली, तेव्हा तो शाळकरी वयाचा होता. पुढे १९५८ साली लायोनेल आणि रॉजर पेनरोझ या बापलेकांनी तिच्यावर लेख लिहिला, आणि १९६१ साली डच चित्रकार एशरने त्याच युक्तीवर स्वतःलाच पाणी पुरवणारा धबधबा काढला. मी हा त्रिकोण रांगोळीने दारात काढला. दिसला फार सुंदर. सासूबाई दाराशी थांबून दोनदा बघून गेल्या. पण चार दिवसांनी मला उमगलं की हे माझ्या कामाचं नाही. ऑस्ट्रेलियात पर्थला हा त्रिकोण धातूचा करून चौकात उभा केला आहे. एका ठरावीक जागेवरून बघितलं तर तो जुळलेला दिसतो, चार पावलं सरकलं की दांडे सुटे असल्याचं कळतं. म्हणजे फसतो तो डोळा. माझी खूण डोळ्याला अगदी साधी दिसायला हवी होती. लहान पोरालाही काढता यावी अशी. अवघड हवा होता तो तिचा परिणाम.

ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयात (१८९३ सालची संस्था आहे) वाचत बसले असताना एक गोष्ट हाती लागली, तिने माझा रस्ता बदलला. जुन्या पोथ्या उतरवून घेणारे लेखक चूक झाली की त्या अक्षरावर हरताळाचा पिवळा लेप देत. हरताळ म्हणजे सोमलाचं पिवळं खनिज. 'हरताळ फासणे' हा आपला वाक्प्रचार तिथून आला. मी पुस्तक मिटून बराच वेळ बसून राहिले. पोथीत चूक राहिली नाही, पण तिच्या जागी पिवळा डाग आला. पुसणं हीसुद्धा एक नवी खूणच झाली. नणंदेने जे तर्काने सांगितलं होतं ते लेखनिकांच्या हाताने शेकडो वर्षं केलं होतं. आणि 'मी बोलतो ते सगळं खोटं' या वाक्याचं काय करायचं, याचा विचार जुना व्याकरणकार भर्तृहरीनेही केला होता. मग मी या कोड्यापासून पळायचं सोडलं. ठरवलं, विझवण स्वतःला विझवते. तिला सूट नाही. आता पुढे काय होतं ते बघायचं.

पण बघायचं कसं? कागदावर 'विझली, जागी झाली, विझली, जागी झाली' एवढंच लिहून होत होतं.

उत्तर मामांनी दिलं. मामा वागळे इस्टेटमधल्या एका कारखान्यातून वायरमन म्हणून निवृत्त झाले. आता घरीच असतात, पण खाटेखालच्या पत्र्याच्या पेटीत रिले, कॉन्टॅक्टर, वायरींचे तुकडे अजून जपून आहेत. मी त्यांच्याकडे गेले होते मामींची तब्येत बघायला. चहा घेताना मामांनी विचारलं, "लिखाण कुठवर आलं?" मी सगळं सांगितलं. मामा कथाकादंबऱ्या वाचत नाहीत, पण शेवटपर्यंत नीट ऐकून घेतलं. मग म्हणाले, "अगं, हे तर सोपं आहे. थांब."

पेटीतून त्यांनी एक चोवीस व्होल्टचा रिले, म्हणजे विजेने उघडमीट करणारा स्विच, काढला आणि खिडकीच्या उजेडात धरला. "हे बघ. कॉइलला सप्लाय दिला की ही पट्टी ओढली जाते. ओढली की हा एनसी पॉइंट, एरवी मिटलेला असतो तो, उघडतो. सप्लाय काढला की पट्टी मागे येते, एनसी पुन्हा मिटतो. कळलं? आता मी कॉइलचा सप्लाय ह्याच्याच एनसीतून देतो."

त्यांनी दोन वायरी पिळून जोडल्या आणि बटण दाबलं. रिले टर्रर्र वाजायला लागला. पॉइंटपाशी निळसर ठिणगी थरथरत होती.

"चालू झाला की स्वतःचा सप्लाय तोडतो. तुटला की बंद होतो. बंद झाला की पॉइंट मिटतो, पुन्हा चालू. शाळेची जुनी घंटा अशीच चालायची. चालू की बंद असं त्याला विचारायचंच नाही. तो वाजतो."

तो वाजतो. मी मामांचा हात धरला आणि म्हटलं, परत दाबा. त्यांनी परत दाबलं. नंतर मामींनी आतून हाक मारून विचारेपर्यंत आम्ही तेच करत होतो.

मग मामांनी आणखी एक गोष्ट दाखवली आणि माझ्या कादंबरीच्या दृष्टीने ती पहिलीपेक्षाही मोलाची निघाली. पेटीतून थोडी वीज साठवून धरणारा एक जाडसर कंडेन्सर काढून त्यांनी कॉइलच्या दोन टोकांना लावला. आता टर्रर्र थांबली आणि रिले टक्... टक्... असा सावकाश चालायला लागला. शेजारी दुसरा कंडेन्सर जोडला, तर टकटक आणखी मंदावली. "कॉइल सुटायला वेळ लागतो ना, म्हणून," मामा म्हणाले. "जेवढा उशीर, तेवढा ठोका लांब. उशीर अजिबात नसता तर हे चाललंच नसतं. पण फार वेळ ठेवायचं नाही हं असं. पॉइंट जळतात."

ठाण्याहून लोकलने परत येताना वही मांडीवर होती, पण एक अक्षर लिहिलं नाही. दिघा गाव गेलं, ऐरोली आलं, मी उतरायची विसरले आणि रबाळ्याला उतरून मागे आले.

तर्कशास्त्रातल्या वाक्याला वेळ नसतो. ते एकदम खरं असावं लागतं किंवा एकदम खोटं, म्हणून ते अडकतं. माझी खूण चिखलात होती, आणि चिखलात रेघ ओढायलाही वेळ लागतो. त्या रात्री मी दुवेळचा मूळ नियम नव्याने लिहिला. खुणेचा अंमल एकदम पसरत नाही. तो काटेपाशी जन्मतो, रेघेवरून चालत कड्याची प्रदक्षिणा करतो आणि पुन्हा काटेपाशी पोचतो. पोचला की स्वतःला विझवतो. विझल्याची बातमीही त्याच वाटेने चालत जाते, फिरून काटेपाशी येते आणि खूण जागी होते. मग कडं जेवढं मोठं तेवढा ठोका लांब. बांगडीएवढी विझवण गांधीलमाशीसारखी गुणगुणते. ताटाएवढी असली तर पापणीसारखी लवते. अंगणाएवढी असली तर आतले दिवे माणूस श्वास घेतो त्या चालीने मंद आणि तेज होतात. आणि काटेखालची जमीन हळूहळू करपते, कारण मामांचे पॉइंट जळतात.

हे सुचल्यावर आजीचं प्रकरण पुन्हा लिहिलं. आता पहारेकऱ्याची गरज उरली नाही. नायिका अंथरुणाभोवती विझवण काढते, आजी उठते, चार वाक्यं बोलते, निजते, पुन्हा उठते आणि अर्धवट राहिलेल्या वाक्यापासून पुढे बोलते. आपण मध्ये निजलो होतो हे तिला माहीतच नसतं. नातीला माहीत असतं. माझ्या मते कादंबरीतलं सर्वांत चांगलं पान हेच आहे, आणि ते त्या भोकातून निघालं.

मग प्रश्न आला, विझवण समुद्राएवढी असली तर?

दुवेळमध्ये समुद्र हीच पहिली खूण, असं मी आधीच लिहून ठेवलं होतं. आता समुद्राभोवती कोणीतरी विझवण काढली होती. ती जागी असली की समुद्र निजतो, म्हणजे हटतो. ती विझली की समुद्र परत येतो. आपल्या खाडीत भरतीपासून भरतीपर्यंत सुमारे बारा तास पंचवीस मिनिटं जातात. म्हणून बसच्या खिडकीतून मला रोज वेगळा देश दिसत होता. दुवेळच्या आकाशातून मी चंद्र काढून टाकला. तिथे भरतीओहोटीला चंद्राची गरजच नव्हती. एक प्रदक्षिणा सव्वासहा तासांना थोडी कमी, तेवढी ओहोटी. दुसरी प्रदक्षिणा, तेवढी भरती.

चिखलाची रेघ समुद्राखाली टिकेल का, हे बघायला एका रविवारी दिवा गावाच्या बाजूला धक्क्यावर गेले. ओहोटी होती. लांबवर फ्लेमिंगो मान खाली घालून चिखल गाळत होते. जवळच निवट्या चिखलावरून टणाटणा उड्या मारत होत्या. काठाशी बसून मी वीतभर विझवण काढली. बोट आत जाताच कडा ढासळायला लागल्या, रेघेत पाणी झिरपलं, आणि पाचेक मिनिटांत तिथे नुसती ओली चकाकी राहिली. समुद्राची विझवण चिखलात असू शकत नाही, हे पक्कं झालं. ती कातळात कोरलेली हवी. रत्नागिरी-राजापूरच्या सड्यांवर जांभ्यात कोरलेली कातळशिल्पं मी पाहिली आहेत. कशेळीच्या सड्यावरच्या हत्तीच्या अंगात तर कितीतरी प्राणी कोरलेले आहेत. एका खुणेच्या कुंपणात इतक्या खुणा! दुवेळची पहिली रेघ मी त्या जांभ्यावर नेली.

धक्क्यावर जाळं दुरुस्त करत बसलेले एक काका माझं चिखलातलं काम मघापासून बघत होते. काय चाललंय म्हणून विचारलं, तर मी खरं ते सांगितलं, गोष्टीसाठी भरतीओहोटी समजून घेतेय. त्यांनी मला हिशोब शिकवला. "तिथी बघायची, ताई, आणि तिची पाऊण करायची. आज षष्ठी. सहाची पाऊण साडेचार. साडेचारला भरती पुरी. इथे आत खाडीत जरा मागेपुढे." मग त्यांनी विचारलं, "तुमच्या गोष्टीत उधाण हाय का? आणि भांग?"

नव्हतं. माझ्या समुद्राची प्रत्येक भरती सारखी होती. अमावास्या-पौर्णिमेचं उधाण नाही, अष्टमीच्या आसपासचं भांगाचं मरगळलेलं पाणी नाही. पावसाळ्यात साडेचार मीटरवरच्या भरतीच्या तारखा आधीपासून जाहीर होतात त्या शहरात मी राहते, आणि माझ्या देशात उधाण नव्हतं. काका म्हणाले, "मंग तो समुद्र नाय, तलाव हाय."

नणंदेला फोन केला. ती म्हणाली, खऱ्या समुद्रात दोन ताल असतात. चंद्राचा बारा तास पंचवीस मिनिटांचा आणि सूर्याचा बारा तासांचा. दर फेरीला पंचवीस मिनिटांचा फरक पडतो. तो साठत जातो आणि साधारण पंधरा दिवसांनी दोघे पुन्हा एका पावलावर येतात, तेव्हा उधाण. मधल्या आठवड्यात एक ओढतो तेव्हा दुसरा सोडतो, तेव्हा भांग. "तुझ्याकडे चंद्र-सूर्य नसतील तर दोन विझवणी लागतील, वहिनी."

अशा त्या दोन बहिणी कथेत आल्या. दोघींनी समुद्राभोवती एकेक विझवण कोरली. धाकटीचं कडं थोरलीपेक्षा किंचित लहान. दोन्ही एकदम जाग्या असल्या की पाणी क्षितिजापर्यंत हटतं आणि तळाचा कातळ उघडा पडतो. दोन्ही एकदम निजल्या की पाणी घराच्या उंबऱ्याला लागतं. हे लिहिताना मला कुठेही ओढाताण करावी लागली नाही. एका साध्या खुणेतून भरती, ओहोटी, उधाण, भांग सगळं आपोआप बाहेर येत होतं.

नावाचं मात्र समाधान होत नव्हतं. सासूबाईंना 'विझवण' हा शब्द पहिल्यापासून खटकला होता. "दिव्याला विझव म्हणू नये गं. शांत कर म्हणावं. बांगडी फुटली तरी वाढवली म्हणतो आपण." त्या हे नेहमीच सांगतात, पण या वेळी मी ते कानाआड केलं नाही. दुवेळची माणसं रोज या समुद्राशेजारी राहतात. ती त्या खुणेला असं कोरडं नाव देतील का? त्या संध्याकाळी नणंद जेवून निघाली. चपला घालता घालता म्हणाली, "येते हं वहिनी." सासूबाई म्हणाल्या, "ये."

निघताना आपण 'जाते' म्हणत नाही. पाऊल बाहेर पडत असतं आणि तोंडात शब्द असतो 'येते'. मी दारातच उभी राहिले. समुद्र हटताना हेच म्हणत असणार. स्वतःला विझवणाऱ्या खुणेचं दुवेळमधलं नाव त्या क्षणी ठरलं: येते. कारागिरांच्या बोलीत ती विझवणच राहिली. पण समुद्राकाठच्या बायका पाणी हटताना बघून 'येते म्हणाली' असं म्हणतात, आणि पोरं रात्री घाबरली तर त्यांना हेच सांगतात.

सगळं जुळलं असं वाटत असतानाच नणंदेचा पुन्हा फोन. दोन कडी एकमेकांवर येणार, कारण समुद्र दोन्हींच्या आत हवा. मग थोरलीच्या रेघेचा काही भाग धाकटीच्या कुंपणात जाणार आणि धाकटीचा थोरलीच्या. मग त्या एकमेकींनाही विझवणार. तुझा पंधरा दिवसांचा हिशोब राहत नाही.

या वेळी पोटात खड्डा पडला नाही. मी तिला रविवारी ये म्हटलं. आमच्या सोसायटीच्या गच्चीवर आम्ही दहा फुटांची सुतळी घेऊन पांढऱ्या रांगोळीने थोरलीचं कडं काढलं. धाकटीसाठी सुतळी चार इंच आखूड केली, कारण बारा तास हे बारा तास पंचवीस मिनिटांपेक्षा साधारण तेवढ्याच प्रमाणात कमी आहेत. हिच्यासाठी गेरू घेतला. खाडीकडून वारा येत होता, रांगोळी हातातून सुटताच उडत होती. एकीने ओंजळीचा आडोसा धरायचा, दुसरीने चिमूट सोडायची, असं करत दोन्ही कडी पुरी केली. ती एकमेकांना दोन जागी छेदत होती. नणंद बरोबर होती, रेघा एकमेकींच्या आत जातच होत्या. आत शिरल्याशिवाय दोन कुंपणांना मधली जागा सामाईक होऊच शकत नाही.

आम्ही बराच वेळ टाकीच्या कठड्यावर बसून त्या दोन कड्यांकडे बघत राहिलो. मग तीच म्हणाली, "वहिनी, अंमल कुठे जन्मतो म्हणालीस?"

काटेपाशी.

म्हणजे खूण निजते ती तिची काट कोणाच्या कुंपणात आली तर. रेघ आत गेली म्हणून नाही. मी उठले. थोरलीच्या कड्याचा जो भाग धाकटीच्या बाहेर राहतो, तिथे, पुलाच्या बाजूला, बोटाने आडवी काट मारली. नणंदेने धाकटीची काट समोर, पारसिकच्या डोंगरांच्या बाजूला मारली. प्रत्येक काट स्वतःच्या कड्यावर आणि दुसरीच्या कुंपणाबाहेर. दोघी बहिणी समुद्राच्या दोन टोकांना पाठ करून बसल्या असणार, एकमेकींना न बघता. का, ते मला अजून माहीत नव्हतं. ते शोधण्यासाठी त्या रात्री मी दहावं प्रकरण सुरू केलं.